रम मुरलेला नाताळचा फ्रूट केक: खेड्यातल्या घरी कसा करायचा?

बगीच्याकाठी | १४ नोव्हेंबर, रात्री ९.२०

जय ख्रिस्त आणि नमस्कार.

नाताळच्या केकसाठी मेवा भिजवायची वेळ झाली आहे, म्हणून आजच धागा काढते. दरवर्षी डिसेंबरची २० तारीख उलटली की विचारणा सुरू होते, आणि तेव्हा सांगण्यासारखं फारसं उरलेलं नसतं. हा केक भाजायला दोन-तीन तास पुरतात, पण मुरायला आठवडे लागतात. इंग्लंडात आगमनकाळाच्या (नाताळाआधीच्या चार आठवड्यांच्या) आधीच्या रविवारी घरोघर नाताळच्या पुडिंगचं मिश्रण घोटायची रीत आहे, त्यामागेही हाच हिशेब आहे.

आमचं घर परतवाड्याजवळ, संत्र्याच्या बगीच्याला लागून. आमच्याकडे नाताळला करंज्या, शेव, चकल्या, अनारसे असा सगळा फराळ होतो आणि त्याच ताटात केकची एक फोड असते. आईनं हा केक मिशनच्या दवाखान्यातल्या सिस्टरांकडून घेतला, मी आईकडून.

माझं म्हणणं एवढंच आहे की या केकसाठी मोठ्या शहरात धाव घ्यायची गरज नाही. सगळ्यात महत्त्वाची वस्तू तर आपल्या दारात आहे: संत्र्याची साल. आंबिया बहाराचा, म्हणजे हिवाळ्यात येणाऱ्या संत्र्यांचा, तोडा आत्ता चालू आहे. ताज्या सालीचा जो वास आहे तो इसेन्सच्या कुठल्याही बाटलीत नाही.

साल अशी करा. पाच-सहा संत्री स्वच्छ धुऊन घासून सोलायची. आपल्या संत्र्याची साल पातळ आणि सुटी असते, त्यामुळे आतला पांढरा भाग खरवडत बसावं लागत नाही, दोरे तेवढे काढा. बारीक पट्ट्या कापून पाण्यात पाच मिनिटं उकळा, पाणी फेका, पुन्हा नव्या पाण्यात उकळा, पुन्हा फेका. कडूपणा दोन उकळ्यांत जातो. तिसरी उकळी दिली तर वासही जातो, म्हणून थांबायचं. मग सालीच्या वजनाइतकी साखर आणि साल बुडेल इतकंच पाणी घालून मंद आचेवर ठेवा. पट्ट्या काचेसारख्या पारदर्शक दिसल्या की काढून जाळीवर रात्रभर वाळवा. उरलेला पाक टाकू नका, चहात किंवा शिऱ्यात फार छान लागतो.

दोन सहा इंची केकसाठी मेवा एकूण ७५० ग्रॅम. काळे मनुके २५०, बेदाणे १५०, बिया काढलेला खजूर १००, अंजीर आणि जर्दाळू मिळून १००, वरची साल १००, लाल चेरी ५०. सगळं मनुक्याच्या आकाराचं कापायचं. २०० मिली गडद रम घालून चिनी मातीच्या किंवा काचेच्या कोरड्या बरणीत झाकण घट्ट लावून अंधारात ठेवायचं. दोन-तीन दिवसांनी एकदा कोरड्या चमच्यानं खालवर करा. काजू, अक्रोड आता घालू नका, मऊ पडतात.

भाजायचं डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात. त्याची कृती तेव्हा इथंच लिहीन. तोवर प्रश्न विचारा.

पऱ्हाटी | १४ नोव्हेंबर, रात्री १०.०५

ताई, वाचूनच वास आला. पण आमच्या घरी ओव्हन नाई. लाइन बी कधी जाईल अन् कधी येईल याचा भरवसा नाई. चुलीवर होते का हा केक? पऱ्हाटीचं, म्हंजे कापसाच्या काड्यांचं सरपण भरपूर हाये.

माळकरी घर | १५ नोव्हेंबर, सकाळी ७.३०

आमच्या घरी अंडंही नाही आणि रम तर नाहीच. सासरे माळकरी आहेत. पण मुलीची मैत्रीण ख्रिश्चन आहे, तिच्या घरून दरवर्षी ताट येतं. यंदा आपल्या घरून तिला केक जावा अशी मुलीची फार इच्छा आहे. काही मार्ग आहे का?

धामकाठ | १५ नोव्हेंबर, सकाळी ८.१५

माझाही प्रश्न त्याच वाटेचा आहे. मी वर्धा जिल्ह्यातली. आमच्याकडे फार वर्षांपासून दारूबंदी आहे, रम आणायची म्हटली तरी गुन्हा. संत्र्याच्या रसात भिजवलं तर चालेल का, आणि तेवढेच आठवडे ठेवता येईल का?

बगीच्याकाठी | १५ नोव्हेंबर, दुपारी २.४०

धामकाठ, तुमच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण यात धोका आहे. रस चालतो, उत्तम चालतो, पण तेवढे आठवडे अजिबात ठेवायचं नाही. रममध्ये ४२.८ टक्के अल्कोहोल असतं. मेव्याची साखर आणि ते अल्कोहोल मिळून बुरशीला आणि आंबण्याला रोखतात. रसात ती ताकद नाही. रसात भिजवलेला मेवा बाहेर ठेवला तर तीन-चार दिवसांत फेस येईल.

म्हणून रसाचा केक असा करा. ७५० ग्रॅम मेवा ३०० मिली ताज्या रसात घालून मंद आचेवर पाच-सात मिनिटं उकळा, त्यात दालचिनीचा तुकडा आणि दोन लवंगा टाका. गार झाला की रात्रभर फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी लगेच भाजा. गरम रसात मेवा पटकन फुगतो, एका रात्रीत आठवड्याचं काम होतं. भाजलेला केक फ्रिजमध्ये ठेवून आठ-दहा दिवसांत संपवायचा. म्हणजे तुम्ही २० डिसेंबरच्या आसपास सुरुवात करा, आत्ता फक्त साल पाकवून ठेवा.

माळकरी घर, बिनअंड्याचा नक्की होतो. त्यात मेवा निम्माच घालायचा, ३५० ग्रॅमच्या वर नाही. अंडं केकला उभं धरतं, ते नसताना जास्त मेवा घातला तर फोड कापताना भुगा होतो. ४०० ग्रॅमचा कंडेन्स्ड मिल्कचा डबा, १२५ ग्रॅम लोणी, २५० ग्रॅम मैदा, १ छोटा चमचा बेकिंग पावडर, अर्धा छोटा चमचा सोडा, १५० मिली संत्र्याचा रस. रसाचा आंबटपणा सोड्याला पुरतो, व्हिनेगर लागत नाही. मैदा मिसळला की जास्त घोटू नका आणि मिश्रण थांबवून ठेवू नका, लगेच भट्टीत. मुलीला सांगा, मैत्रिणीला साल पाकवतानाचा फोटो पाठव.

पऱ्हाटी भाऊ, चुलीचं उत्तर माझ्यापेक्षा जाणकार कुणी देईल. माझ्याकडे ओटीजी, म्हणजे विजेचा छोटा ओव्हन आहे.

रानमेवा | १६ नोव्हेंबर, रात्री ८.५०

मी गडचिरोली जिल्ह्यातून. मनात आलं ते स्पष्टच लिहिते, राग मानू नका.

विदर्भातल्या खेड्यांत दारूमुळे काय झालं ते आम्ही बायकांनी पाहिलं आहे. आमच्या जिल्ह्यात १९९३ पासून बंदी आहे आणि ती लोकांनी मागून मिळवली. चंद्रपूरसाठी २०१०च्या डिसेंबरात बायका चिमूरहून नागपूरपर्यंत पायी गेल्या. २०१५ साली तिथं बंदी आली, २०२१ साली उठली. ती उठली तेव्हा किती घरांत चूल पेटली नसेल हे मला कळतं. म्हणून नाताळ असो की दिवाळी, रमची बाटली घरात आणायची पाककृती वाचली की पोटात गोळा येतो.

तुमच्या सालीच्या कृतीला मात्र मनापासून दाद. आणि एक सुचवते: मोहाची वाळलेली फुलं घाला. मार्च-एप्रिलात पहाटे वेचून वाळवलेली फुलं आमच्याकडे वर्षभर असतात. त्यांचे आम्ही तीळ घालून लाडू करतो. फुलांच्या आतले केसर काढून टाकायचे, तव्यावर हलकी भाजायची आणि मनुक्यांसोबत रसात टाकायची. फुगली की मनुक्यापेक्षा गोड लागतात.

बगीच्याकाठी | १६ नोव्हेंबर, रात्री १०.३०

रानमेवा ताई, राग कसला. तुम्ही लिहिलंत ते या धाग्यात असायलाच हवं होतं.

माझी बाजू सांगते. आमच्या घरात कुणी पीत नाही. वर्षाला एक छोटी बाटली येते, ती या केकसाठी. तरीही मी गेली काही वर्षं दोन वेगळे केक करते. चर्चमध्ये आणि शेजारीपाजारी जातो तो रसाचा. रमचा घरात राहतो आणि डब्यावर मोठ्या अक्षरात "रम आहे" अशी चिठ्ठी असते. ज्यानं कष्टानं दारू सोडली आहे त्याच्या हातात न सांगता अशी फोड ठेवणं म्हणजे त्याचा विश्वासघात आहे, असं मी मानते. आमच्या गल्लीत असे दोघं आहेत, त्यांच्या घरी रसाचाच जातो आणि तो मी जास्त जीव लावून करते.

आणि मोहफुलांसाठी तुमचे किती आभार मानू! मेळघाटातून परतवाड्याच्या बाजारात मोहफुलं येतात, चारोळीही येते, आणि मी इतकी वर्षं बेदाण्याच्या भावाची घासाघीस करत बसले. ७५० ग्रॅममध्ये किती घालू?

रानमेवा | १७ नोव्हेंबर, सकाळी ६.४५

पन्नास ग्रॅमनं सुरुवात करा. वास उग्र असतो, ज्यांना सवय नाही त्यांना पहिल्यांदा जास्त वाटेल. शंभराच्या वर नको, नाहीतर तुमची संत्र्याची साल हरवून जाईल. चारोळी ताजी आहे का ते चाखून घ्या, जुनी असली तर खवट लागते.

दोन केकांचं वाचलं. बरं वाटलं.

रात्रपाळी | १७ नोव्हेंबर, दुपारी १.१०

मी नर्स आहे. "भाजताना दारू उडून जाते" असं सर्रास सांगतात, त्यावर थोडं लिहिते. उडते, पण सगळी नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याचा यावर तक्ता आहे. पदार्थात मिसळून एक तास शिजवलं तर सुमारे २५ टक्के अल्कोहोल उरतं, दोन तासांनी १० टक्के, अडीच तासांनी ५ टक्के. आणि भाजून झाल्यावर वरून जी रम पाजतात तिला आच लागतच नाही, ती जशीच्या तशी राहते. म्हणून लहान मुलं आणि गरोदर बाई यांना रसाचाच द्या.

सगळ्यात महत्त्वाचं: दारू सोडण्यासाठी काहींना डायसल्फिरॅमच्या गोळ्या चालू असतात. त्यांना थोडंसं अल्कोहोल पोटात गेलं तरी मळमळ, उलटी, छातीत धडधड असा जोराचा त्रास होऊ शकतो. घरच्यांनाही कधीकधी या गोळ्यांची कल्पना नसते. त्यामुळे ताईंची ती चिठ्ठी प्रत्येकानं लावावी.

आता गोड गोष्ट. माझ्यासोबत केरळच्या मैत्रिणी आहेत, त्यांच्या हॉस्टेलवर डिसेंबरात केकशिवाय दुसरा विषय नसतो. त्या सांगतात, भारतातला पहिला नाताळचा केक त्यांच्या थलश्शेरीत झाला, १८८३ साली. मंबळ्ळी बापू नावाचे बेकरीवाले होते. मर्डोक ब्राउन या इंग्रज मळेवाल्यानं त्यांच्यापुढे विलायतेचा केक ठेवला आणि असाच कर म्हणाला. ब्रँडी जवळच्या माहे या फ्रेंच वसाहतीतून आण असं सांगितलं होतं, पण बापूंनी काजूच्या बोंडांपासून आणि केळ्यांपासून केलेली गावची दारू वापरली, आणि साहेबाला केक पसंत पडला. मोहफुलांचं वाचून मला तेच आठवलं.

पऱ्हाटी | १७ नोव्हेंबर, दुपारी ३.२५

मंग मोहाची दारूच टाकली तर? गावात भेटते.

रात्रपाळी | १७ नोव्हेंबर, दुपारी ३.५०

नाही भाऊ. हातभट्टीची दारू बेकायदेशीर तर आहेच, पण तिच्यात मिथेनॉल असू शकतं आणि ते चवीवरून ओळखता येत नाही. डोळे जातात, जीव जातो. फुलं घाला, दारू नको. रमसुद्धा परवान्याच्या दुकानातलीच. आपल्या राज्यात त्यासाठी वय २५ पूर्ण लागतं आणि पिण्याचा परवानाही लागतो, तो दुकानात मिळतो.

जुनी भट्टी | १८ नोव्हेंबर, पहाटे ५.३०

चुलीचा प्रश्न वाचला. मी तालुक्याच्या गावी बेकरी चालवतो, वडिलांपासूनची लाकडाची भट्टी आहे.

पऱ्हाटी भाऊ, पहिलं म्हणजे या कामाला पऱ्हाटी वापरू नका. ती भडकन पेटते आणि भडकन विझते, निखारा धरत नाही. बाभळीचं लाकूड घ्या. जाड बुडाचा जुना गंज (मोठं पातेलं) घ्या, तळाशी दोन बोटं रेती पसरा, त्यावर एक छोटी तिवई किंवा विटेचे तुकडे. झाकण लावून अर्धा तास रेती तापू द्या. मग केकचा डबा आत ठेवून चुलीतलं जळतं लाकूड ओढून घ्या, खाली नुसते निखारे ठेवा. जाड झाकण असेल तर चार-पाच निखारे झाकणावरही. वरून आच मिळाली नाही तर केकचं तोंड पांढरं आणि ओलं राहतं. वीस-पंचवीस मिनिटांनी निखारे बदलत राहा. कुकर यात वापरू नका, पाण्याविना तापवला तर खराब होतो.

दुसरा मार्ग जास्त सोपा. जवळ बेकरी असेल तर केक तिथं घेऊन या. दिवाळीला बाया मैदा, तूप, साखर आणून नानकटाई भाजून नेतातच ना, तसाच हा. आम्ही पाव काढला की भट्टी फार तापलेली असते, तेव्हा हा केक टाकला तर वरून कोळसा आणि आतून कच्चा. पाव, मग टोस्ट, मग बिस्किटं, असा माल निघत जातो आणि भट्टी उतरत जाते. या केकला ती उतरती आच पाहिजे. माझे वडील फळीवर चिमूटभर मैदा टाकून आत सरकवत. मैदा लगेच लाल झाला तर भट्टी अजून कडक, हळूहळू बदामी झाला तर फळाचा केक टाका. विटांची आच एकसारखी असते आणि आपोआप कमी होत जाते, त्यामुळे ओव्हनपेक्षा भट्टीतला केक ओलसर निघतो हे मी खात्रीनं सांगतो. बेकरीवाल्याला आदल्या दिवशी विचारून ठेवा, दुपारची वेळ देईल.

पऱ्हाटी | १८ नोव्हेंबर, सकाळी ८.००

काका, इतकं निगुतीनं कोणीच सांगितलं नव्हतं. रेती अन् बाभळीचं सरपण दोन्ही हाये. मेवा आजच भिजवणार होतो, पण बायको म्हणते रसाचाच करू, तर भिजवणं पुढं ढकललं.

बगीच्याकाठी | ५ डिसेंबर, रात्री ९.००

कबूल केल्याप्रमाणे भाजायची कृती. आज रमचे दोन्ही केक निघाले.

रंगाची साखर आधी करायची. जाड बुडाच्या कढईत १०० ग्रॅम साखर कोरडीच वितळवा, हलवू नका, कढई फिरवा. सोनेरी, मग तांबूस, मग काळपट लाल. धूर निघायला लागला की गॅस बंद करून ७५ मिली गरम पाणी जपून ओता. भयंकर तडतडते, हात लांब ठेवा, मुलं स्वयंपाकघरात नकोत. हा पाक पूर्ण गार करायचा. केकचा काळा रंग आणि किंचित कडसर चव यातून येते, बाजारच्या केकात कोको घालून जो रंग आणतात त्याला ही चव नाही.

बाकी साहित्य: मैदा २२५ ग्रॅम, लोणी २२५, पिठीसाखर १७५, फोडलेली अंडी वजनाने २२५, बेकिंग पावडर अर्धा छोटा चमचा, दालचिनी पूड १ छोटा चमचा, सुंठ अर्धा, जायफळ आणि लवंग पाव-पाव, दोन संत्र्यांच्या सालीचा किस, आणि चारोळी-काजू १०० ग्रॅम. अंडी मोजून घेऊ नका, गावरान अंडी लहान असतात. घरचं लोणी घेत असाल तर त्यात ताकाचा अंश राहतो, चांगलं धुऊन घ्या. तूप घ्यायचं तर १८० ग्रॅमच घ्या, कारण लोण्यात पाणी असतं आणि तुपात नसतं.

लोणी आणि साखर पांढरं हलकं होईपर्यंत फेटायची. हे दहा मिनिटांचं काम आहे आणि त्यात घाई करू नये. मग अंडं एकेक करून, प्रत्येक वेळी चमचाभर मैद्यासह, म्हणजे मिश्रण फाटत नाही. मग गार पाक. मैदा आणि मसाला चाळून हलक्या हातानं. मेवा आधी चाळणीत निथळून ठेवलेला, त्याला दोन चमचे मैदा चोळून शेवटी घाला. निथळलेली रम बाटलीत भरून ठेवा, पुढे पाजायला तीच.

डब्याला आतून बटर पेपरचे दोन थर. ओटीजी असेल तर बाहेरून वर्तमानपत्राची चार पदरी पट्टी सुतळीनं बांधा, कडा करपत नाहीत. कॉइलला कागद लागणार नाही एवढं पाहा. निखाऱ्यावर भाजणाऱ्यांनी कागद बांधू नका. १५० अंशांवर सहा इंची डब्याला दीड ते दोन तास लागतात. सगळं मिश्रण एकाच आठ इंची डब्यात घातलं तर अडीच ते तीन. विणायची सुई मध्यभागी घालून पाहा, कोरडी निघाली की झाला. मधे लाइन गेली तर दार उघडू नका, आतली आच बराच वेळ टिकते. आमच्याकडे आज गेलीच होती.

कोमट असताना सुईनं भोकं पाडून प्रत्येक केकला दोन मोठे चमचे रम. पूर्ण गार झाल्यावर बटर पेपरमध्ये गुंडाळा, त्यावर फॉइल, मग डबा. फॉइल थेट केकला लावू नका, फळांच्या आंबटपणानं तिला भोकं पडतात. आठवड्यातून एकदा उलगडून एक चमचा रम. शेवटच्या आठवड्यात काही घालायचं नाही, नाहीतर कापताना दारूचाच वास पुढे येतो.

मोहफुलं ५० ग्रॅम घातली आहेत. भाजताना घरभर जो वास सुटला तो आमच्याकडे याआधी कधी आला नव्हता.

तुरीचा_धुरा | ६ डिसेंबर, सकाळी १०.१५

मेवा दरवेळी तळाशी का जातो? आणि वर भेग पडते तिचं काय?

बगीच्याकाठी | ६ डिसेंबर, सकाळी ११.००

मिश्रण सैल असलं की मेवा बुडतो. चमच्यातून आपोआप ओघळत असेल तर ते सैल आहे, झटकल्यावर पडलं पाहिजे. मेवा नीट निथळलेला नसणं, तुकडे मोठे असणं आणि बेकिंग पावडर जास्त होणं ही बाकीची कारणं. मैदा चोळल्यानं थोडी मदत होते, पण सैल मिश्रण मैद्यानं सावरत नाही.

भेग आच जास्त असल्याची खूण आहे. वरचा थर आधी कडक होतो आणि आतला भाग नंतर फुगून त्याला फोडतो. मिश्रण डब्यात भरल्यावर मध्यभागी चमच्याच्या पाठीनं थोडा खोलगा करा, सपाट निघेल.

माळकरी घर | ६ डिसेंबर, दुपारी ४.३०

मुंग्यांचं काय करता? आमच्याकडे गोडाचा डबा एक दिवस राहत नाही.

बगीच्याकाठी | ६ डिसेंबर, सायंकाळी ६.१०

कोपरात (परातीत) पाणी घालून मधे वाटी उपडी ठेवा आणि तिच्यावर डबा. डबा भिंतीला टेकू देऊ नका. तुमचा केक तसाही फ्रिजमध्ये राहील.

धामकाठ | २३ डिसेंबर, रात्री ८.४०

रसाचा केक काल भाजला, मोहफुलं घालूनच. नवऱ्याच्या ओळखीतून देवरीकडून मागवली होती. रमचा केक मी कधी खाल्लेला नाही, त्यामुळे तुलना करणार नाही, पण संत्र्याची साल दाताखाली आली की डोळे मिटतात. आमच्या शाळेत परवा द्यायचा आहे. आजच कापून ठेवू का?

बगीच्याकाठी | २३ डिसेंबर, रात्री ९.००

कापू नका. रसाचा केक कापला की कडा सुकतात. अख्खा न्या आणि तिथं कापा. सुरी दातेरी घ्या, करवतीसारखी मागेपुढे ओढा, दाबू नका. प्रत्येक फोडीनंतर ओल्या फडक्यानं पुसा. फ्रिजमधून तासभर आधी काढा, गार असताना लोण्याची चव कळत नाही.

पऱ्हाटी | २५ डिसेंबर, सायंकाळी ७.२०

नाताळच्या शुभेच्छा ताई. काल गंजात केला. पहिल्या तासाला वरची बाजू पांढरीच होती, मंग काकांनी सांगितल्यापरमानं झाकणावर निखारे वाढवले अन् रंग आला. पावणेदोन तास लागले. बुडाला जरासा कडक हाये, बाकी लय मऊ. आमच्या गावात ख्रिश्चन घर एकच, मास्तरांचं. त्यांच्याकडे नेला. मास्तरांच्या आईनं विचारलं, कोणत्या बेकरीचा?

जुनी भट्टी | २५ डिसेंबर, रात्री ९.४५

बुड कडक झालं म्हणजे रेती कमी पडली. पुढच्या वेळी तीन बोटं घाला आणि तिवई थोडी उंच. पावणेदोन तास निखारे सांभाळलेत, हे सोपं काम नाही.

अमरावतीची लेक | २७ डिसेंबर, सकाळी ११.३०

धागा उशिरा दिसला. मी पुण्यात असते, आई वरुडजवळच्या गावी. आईनं आता रमचा केला तर संक्रांतीपर्यंत चालेल का, आणि ट्रॅव्हल्सच्या पार्सलनं पाठवता येईल का?

बगीच्याकाठी | २७ डिसेंबर, दुपारी १.००

मेवा आज भिजवून आठवड्यानं भाजला तरी संक्रांतीला चांगला लागेल, थोडा कमी मुरलेला एवढंच. आंबिया बहाराची संत्री अजून असतील, साल आधी पाकवायला सांगा. पार्सलसाठी भाजून झाल्यावर निदान चार दिवस थांबा, ताजा केक हिंदकळण्यानं तुटतो. बटर पेपर, फॉइल, मग बरोबर मापाचा स्टीलचा डबा, आणि उरलेल्या जागेत कागदाचे बोळे. डबा आत हलता कामा नये. थंडीच्या रात्रीच्या प्रवासात त्याला काही होत नाही. चिठ्ठी तेवढी आईला आठवणीनं लावायला सांगा.